सत्तेचाळीस नंबरची घोंगडी

माय,

बुधवार, चौदा जानेवारी, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी तुझी घोंगडी मोरोक्कोची झाली. वेळ मी घड्याळात बघून वहीत लिहून ठेवली आहे, उद्या कुणी म्हणायला नको की म्हातारीला नीट आठवत नाही. संक्रांतीचा दिवस होता. मला हळदीकुंकवाला बोलवायचं की नाही, असा गल्लीतल्या बायकांना दरवर्षी पेच पडतो. तो सोडवायला मी सकाळीच घराला कुलूप लावून बाहेर पडते. परभणीत एका महाविद्यालयाच्या सभागृहात जुन्या वस्तूंचं प्रदर्शन लागलं होतं, तिथे गेले. पितळी डबे, जाती, कंदील, अडकित्ते बघत बघत शेवटच्या भिंतीशी आले आणि तिथे ती टांगलेली. काळी, कडांना तपकिरी पडलेली, दोन पट्ट्या मधोमध जोडलेल्या, खालच्या डाव्या कोपऱ्यात पांढऱ्या फितीवर निळ्या शाईत ४७. शेजारी छापील पाटी होती: बर्बर गालिचा, मोरोक्को, उत्तर आफ्रिका, रानटी भटक्या टोळ्यांची हस्तकला.

मी तिथल्या माणसाला बोलावलं. तिशीतला मुलगा, कानात बाळी, जुन्या वस्तू जमवायचा नाद. त्याला म्हटलं, ही घोंगडी आहे, पेडगावची आहे आणि माझ्या आईची आहे. तो हसला नाही, हे त्याच्या बाजूनं नोंदवून ठेवते. म्हणाला, "मॅडम, हे एका कॉन्व्हेंटमधून आलंय. बोर्डिंग बंद झालं तेव्हा एका परदेशी सिस्टरची पेटी निघाली, तिच्यात होतं. तिनंच बाहेरून आणलं असणार. हा बघा, कलेक्शनचा नंबरपण आहे."

"तो धुण्याचा नंबर आहे."

"मी फोनवर फोटो टाकून बघितला ना मॅडम. फोननं बर्बर सांगितलं."

"फोनच्या बापानं कधी मेंढरू कातरलं होतं का?"

चारदोन माणसं वळून बघायला लागली. त्यानं मला खुर्ची दिली, हातावर तिळगूळ ठेवला आणि म्हणाला, "गोड बोला, मॅडम." मी म्हटलं, गोडच बोलते आहे, अजून सुरुवात कुठे केली. मग त्यानं अगदी साधा प्रश्न विचारला. "तुमच्या आईची आहे म्हणता, तर त्यावर काही खूण असेल ना?" आणि माय, मानवतच्या तहसील कचेरीत खिडकीपलीकडच्या प्रत्येक माणसाला "पुरावा काय?" असं विचारण्यात जिनं आख्खी नोकरी काढली, ती मी तिळगूळ तोंडात टाकला आणि पिशवी उचलून निघाले.

खूण होती. तुला काय सांगायचं, पण सांगते, कारण आता ती माझ्याशिवाय कुणाला सांगता येणार नाही. बा मागाच्या खड्ड्यात पाय सोडून विणत बसायचा. लोकर निवडणं, पिंजणं, सूत काढणं तुझं. चुलीवर सुताला लावायची चिंचोक्याची खळ शिजायची, तिचा आंबूस वास अंगणभर असायचा आणि त्या वासात मी पाढे पाठ करायची. दोन पट्ट्या विणून झाल्या की त्या तुझ्याकडे यायच्या. तू त्या मांडीवर घेऊन मधोमध जोडायचीस, आणि शेवटचा टाका झाला की सुईत लाल सूत ओवून कोपऱ्यात तुझ्या हनुवटीवरचं गोंदण काढायचीस. मध्ये एक उभी रेघ आणि तिच्याजवळ ठिपके. मी विचारलं होतं, हे कशाला? तू म्हणालीस, "दृष्ट लागत न्हाई. आन बाजारात घोंगडी हरवत न्हाई." मानवतच्या बाजारात एकदा वावटळ आली, सगळ्यांच्या घोंगड्या एकात एक झाल्या. बायका भांडायला लागल्या. तू डोळे मिटून ढिगात हात घातलास, बोटांनी कोपरे चाचपलेस आणि आपल्या पाच बाहेर काढल्यास. मी तेव्हा सात-आठ वर्षांची असेन. मला वाटलं होतं, माझ्या मायच्या बोटांना डोळे आहेत.

अकराव्या वर्षी त्याच परदेशी सिस्टरनं मला बोर्डिंगमध्ये नेलं. तिच्या दवाखान्याची गाडी महिन्यातून एकदा गावात यायची. तुझा हात भाजला होता, तो तिनं बरा केला आणि पट्टी बांधता बांधता तुला म्हणाली की ही मुलगी हुशार आहे, हिला शिकवावी. तू बाला विचारलंसुद्धा नाहीस. बोर्डिंगच्या यादीत ब्लँकेट एक असं लिहिलं होतं, त्याच्या जागी तू नवी घोंगडी दिलीस. माझं नाव घालवून मला सत्तेचाळीस नंबर मिळाला. चादरीवर सत्तेचाळीस, ताटावर सत्तेचाळीस, फ्रॉकच्या गळ्यात सत्तेचाळीस. पहिल्याच आठवड्यात शेजारच्या पलंगावरच्या मुलीनं घोंगडीचा कोपरा धरून विचारलं, "हे तुझ्या आईच्या तोंडावर आहे तेच ना?" तिच्या मनात काही वाकडं नव्हतं, तू मला सोडायला आलीस तेव्हा तिनं तुला बघितलं होतं, एवढंच. पण बाकीच्या हसल्या. सिस्टरनं सांगितलं की नंबर कोपऱ्यात लावायचा, म्हणून मी तुझी खूण उसवली आणि तिथे नंबराची फीत शिवली. ही गोष्ट मी आयुष्यभर अशीच सांगत आले आहे, नवऱ्यालाही अशीच सांगितली होती.

तू थंडीत आलीस. रविवार होता. तीन एसट्या बदलून, कापडात धपाटे बांधून, एकटी. तुला आमच्या झोपायच्या खोलीत यायची परवानगी मिळाली. तू माझ्या पलंगावर टेकलीस आणि बोलता बोलता तुझा हात सवयीनं घोंगडीच्या कोपऱ्यावर गेला. मला तो हात अजून दिसतो. तो थांबतो, फीत चाचपतो, दुसरा कोपरा धरतो, तिसरा, चौथा. मग तू उठलीस.

"ही आपली न्हाई. कुनीतरी बदलली पोरीची."

सिस्टर आली. ती आमची भाषा पुस्तकातून शिकली होती, तिचं मराठी पंचांगासारखं होतं. "बाई, आपण आरोप करीत आहात. हा नंबर आपल्या मुलीचाच आहे."

"नंबर तुमचा आसंल. घोंगडी आमची न्हाई. आमच्या घोंगडीला कोपऱ्यात निशानी ऱ्हाती. मी सोता घातली हाय."

"आरोपास पुरावा पाहिजे."

शेजारच्या पलंगावरची मुलगी रडायला लागली, कारण सगळ्या तिच्याकडेच बघत होत्या. तू तिच्याजवळ गेलीस. "तू कामून रडायलीस गं बाई? तुला कोन बोललं?" आणि परत येऊन तू घोंगडी उचललीस, तोंडाशी नेलीस आणि वास घेतलास. आपल्या मेंढरांचा, आपल्या खळीचा, आपल्या चुलीच्या धुराचा. मग तू माझ्याकडे बघितलंस. फार वेळ नाही, सुईत दोरा ओवायला लागतो तेवढाच. मी खाली बुटांकडे बघत होते. तू सिस्टरकडे वळून हात जोडलेस. "माजंच चुकलं, बाई. नजर अधू झाली माजी." तू तेव्हा तिशीची होतीस. सिस्टर म्हणाली, "पुन्हा नीट पाहिल्यावाचून बोलू नये," आणि तू शाळेतल्या पोरीसारखी मान हलवलीस.

फाटकाशी तुला सोडायला आले. मी वाट बघत होते की आता थोबाडीत बसेल. तू माझ्या स्वेटरचं बटण लावलंस आणि एवढंच विचारलंस, "कशानं उसवलीस? ब्लेडनं का सुईनं?"

"सुईनं."

"बरं केलंस. ब्लेडनं सुताला जखम व्हती, मग ती वाढत जाती." आणि तू गेलीस. पुढे तू मरेपर्यंत आपण दोघी त्यावर एक शब्द बोललो नाही. मॅट्रिक झाल्यावर मी घोंगडी बोर्डिंगमध्येच ठेवून आले. तू विचारलंस तेव्हा म्हणाले, तिथे कुणाला तरी लागली. तू म्हणालीस, लागली तर ऱ्हाऊ दे.

तर त्या दिवशी प्रदर्शनातून मी रागानं घरी आले आणि लेखी तक्रार लिहायला बसले. तक्रार लिहायची तर समोरची बाजू माहीत पाहिजे, ही कचेरीची शिस्त. म्हणून मी सहा दिवस ग्रंथालयात बसून हे बर्बर लोक कोण, ते वाचत होते. खरं सांगू, मी त्यांच्यावर चिडूनच गेले होते, की माझ्या मायची घोंगडी पळवणारे हे कोण. आणि वाचता वाचता त्यांच्या बाजूची झाले. आफ्रिकेच्या वरच्या अंगाला डोंगर आहेत, त्यांच्या पलीकडे वाळवंट. तिथली ही मूळची माणसं. रोमन आले, अरब आले, फ्रेंच आले, ही डोंगरात तशीच राहिली. त्यांच्यात शेती करणारे आहेत, शहरात दुकानं चालवणारे आहेत, आणि आपल्यासारखे मेंढपाळही आहेत, उन्हाळ्यात कळप वर न्यायचे, थंडीत खाली आणायचे. बर्बर हे नाव त्यांनी स्वतः ठेवलेलंच नाही. ज्यांना त्यांची बोली कळली नाही, त्यांनी ते ठेवलं. ते स्वतःला अमाझिग म्हणतात, आणि त्याचा अर्थ स्वतंत्र माणूस असा सांगतात. माय, आपल्यालाही "मेंढरामागचे" म्हणणारे आपण नव्हतोच ना?

त्यांची स्वतःची लिपी आहे, फार जुनी. वाळवंटातल्या आया ती मुलांना वाळूत बोटानं काढून शिकवायच्या. शाळा मात्र अरबीत आणि फ्रेंचमध्ये. आमच्या बोर्डिंगमध्ये मराठी बोललं की गळ्यात लाकडी पाटी अडकवत, ती मला आठवली. तिथे नोंदणीच्या कचेऱ्यांत मुलांची अमाझिग नावं लिहून घ्यायला कारकून नकार द्यायचे, यादीतलं दुसरं नाव घ्या म्हणायचे. हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि जरा वेळ बाहेर जाऊन पाणी प्यायले. कारण खिडकीशी आलेल्या किती म्हाताऱ्यांची नावं मी माझ्या शुद्धलेखनानं सुधारून लिहिली असतील, त्याचा हिशेब माझ्याकडे नाही. आता तिकडे त्यांच्या भाषेला सरकारी मान मिळाला आहे, पाट्यांवर ती लिपी आली आहे. भांडून मिळाला, आपोआप नाही.

आणि बायका, माय. त्यांच्या म्हाताऱ्यांच्या हनुवटीवर गोंदण असतं. उभी रेघ, ठिपके. मी फोटोवर बोट ठेवून बसले होते. गालिचे तिथे बायका विणतात, आणि जे हनुवटीवर तेच गालिच्यात, तेच मडक्यावर काढतात. दृष्ट लागू नये म्हणून. मागावरून गालिचा उतरवताना त्याच्यावर पाणी शिंपडतात काही ठिकाणी, त्याला जीव आहे असं मानून, मरणाऱ्याच्या तोंडात पाणी घालावं तसं. तू नवी घोंगडी पहिल्यांदा झटकताना तिच्याशी बोलायचीस, "जा बाई, चांगल्या घरी जा." त्यांच्या लेकींनी पुढे गोंदणं सोडली, आयांची लाज वाटायला लागली त्यांना. आता नाती ती चिन्हं पेनानं हातावर काढून बघतात. आणखी एक सांगते. त्यांचं शेतीचं नवं वर्ष जानेवारीच्या मध्यात, आपल्या भोगी-संक्रांतीच्याच दिवसांत येतं, आणि त्या दिवशी बऱ्याच घरांत सात भाज्या एकत्र शिजवतात. तुझी भोगीची भाजी! म्हणजे ज्या दिवशी त्या पोरानं तुला त्यांच्यात घातलं, त्या दिवशी तिथेही घराघरात सण होता. माझा राग निम्मा तिथेच गेला. परकी माणसं नाहीत, माय ती. तुझ्या मावसबहिणी शोभतील अशा आहेत, फक्त फार लांब दिल्या.

उरलेला निम्मा राग मी तक्रारीत घातला. चार पानं झाली. "रानटी" हा शब्द काढून जाहीर माफी मागावी, हा मुद्दा मी त्यांच्या बाजूनं घातला, त्यांनी मला वकीलपत्र दिलेलं नसताना. काल, एकवीस तारखेला, मी ती घेऊन गेले. त्या पोरानं उभ्यानं चारही पानं वाचली. मग कान खाजवत म्हणाला, "मॅडम, तुमचं म्हणणं पटतंय. पण पुरावा..."

मी म्हटलं, "ती फीत काढ. तिच्याखाली नखाएवढा काप असेल आणि लाल सुताचे तुकडे असतील."

त्यानं खिशातून छोटं कटर काढलं. माझ्या तोंडून एवढ्या जोरात निघालं की सगळं सभागृह दचकलं. "ब्लेड लावू नकोस! सुईनं काढ!"

सुई शोधायला त्याला दहा मिनिटं लागली. एकेक टाका उसवून त्यानं फीत उचलली. लाल सुताचे दोन-तीन तुकडे होते, रंग उडालेले. पण काप नव्हता. कापाच्या जागी रफू होतं, पांढऱ्या धाग्याचं, आडवंउभं, इतकं बारीक आणि सरळ की जणू चौकटीच्या वहीचं पान. ते रफू मी कुठेही ओळखीन. शिवणाच्या तासाला सिस्टर आमच्याकडून तसंच करून घ्यायची, एक धागा वाकडा गेला तर सगळं उसवायला लावायची. म्हणजे कधीतरी तिनं फीत काढली होती. काप बघितला होता, लाल सूत बघितलं होतं, त्या रविवारी तू काय म्हणत होतीस ते तिला कळलं होतं. तिनं ते शिवलं, त्यावर फीत परत लावली आणि कुणाला सांगितलं नाही. मलाही नाही. आणि घोंगडी जपून आपल्या पेटीत ठेवली. "बोर्डिंगची जुनी मावशी सांगत होती," तो पोरगा म्हणाला, "सिस्टर शेवटपर्यंत हेच पांघरायची म्हणून." तुझी सुताची जखम वाढली नाही, माय. तुला नीट पाहायला सांगणारीनं शेवटी नीट पाहिलं होतं.

तो मुलगा म्हणाला, "पण काप असणार हे तुम्हाला कसं माहीत?" मी सांगितलं, कारण मीच कापला, ब्लेडनं. त्यानं लगेच पाटी काढली, उलटी करून टेबलावर ठेवली आणि मला पेन दिलं. "आता काय लिहायचं ते तुम्ही सांगा. आणि ती खूण काढून द्या, पाटीवर छापतो."

मी उभी रेघ काढली. आणि थांबले. ठिपके किती होते? तीन? चार? एका बाजूला की दोन्ही? मी स्वतःच्या हनुवटीवर बोट फिरवून बघितलं, तिथे काय सापडणार. घरी येऊन तुझा एकुलता फोटो काढला, मानवतच्या स्टुडिओतला. त्या फोटोवाल्यानं ब्रशनं तुझ्या हनुवटीवरचे डाग पुसून टाकले आहेत, आणि मला आठवतं, फोटो हातात आल्यावर मी म्हणाले होते, किती स्वच्छ आलाय. बा गेला, माग गेला, पेडगावात आता एकही घोंगडी तुझ्या हातची नाही. घोंगडीच्या कोपऱ्यात सुईच्या भोकांवरून कळेल म्हणून आज सकाळी परत सभागृहात जाऊन मी भिंग घेऊन बघितलं. लोकर सगळी भोकं मिटवून टाकते. कुठल्या एका डोंगरातली गोंदणं मी आता चित्रासकट सांगू शकते, आणि ज्या तोंडाकडे बघत मी जेवायला शिकले त्यावरचं मला येत नाही.

म्हणून हे पत्र. मुद्दा एकच आहे: ठिपके किती आणि कुठल्या बाजूला. उत्तर लेखी पाहिजे. लिहिता येत नाही ही सबब चालणार नाही. प्रत्येक सरकारी फॉर्मवर तुझ्या नावापुढे "निरक्षर" मी माझ्या हातानं लिहिलं आहे, आणि ती नोंद चुकीची होती. तू लिहीत होतीस, मी उसवत होते. पाटी छापायला रविवारी जाणार आहे. तेव्हा रविवार, पंचवीस जानेवारी, संध्याकाळी पाचच्या आत. या पत्राला पत्ता नाही, ते मी घडी करून सुईदोऱ्याच्या डब्यात ठेवते आहे. लाल सूत आणलंय, सुईत ओवून ठेवलंय.

आणि तुझ्याकडून लेखी मागते आहे तर माझंही एक लेखी असू दे. नंबर कोपऱ्यात लाव, असं सिस्टर म्हणाली नव्हती. ती म्हणाली होती, कुठेही लाव. उत्तर पाचच्या आत दे.